आपल्या घाटावरील रानकांदा
(संस्थेच्या वार्षिक पालक-विद्यार्थी मेळाव्यात दिलेल्या भाषणाचा मजकूर)



शिक्षणाचे महत्त्व माझ्या आधीच्या वक्त्यांनी माझ्यापेक्षा चांगले सांगितले आहे. मी एका रोपाविषयी बोलणार आहे. मी बी. ए., बी. एड.; माझे विषय मराठी आणि भूगोल. वनस्पतिशास्त्र मी कॉलेजात शिकलो नाही. या रोपाविषयी जे काही कळले ते एका चुकीमुळे कळले. ती चूक माझी आहे, म्हणून आधी तीच सांगतो.

विज्ञानाचे सर रजेवर असल्याने सहावीचा तास माझ्याकडे आला होता. धडा होता कांदा, बटाटा, आले यांचा, म्हणजे जमिनीखाली वाढणाऱ्या खोडांचा. मी मुलांना घरून एकेक कांदा आणायला सांगितले. त्या आठवड्यात कांदा महाग होता, याचा विचार मी केला नाही. एका मुलीने बाजारचा कांदा न आणता घराजवळच्या टेकाडावरचा कांदा उकरून आणला. मुठीएवढा, पांढरा, पापुद्र्यांचा. मला फार आनंद झाला. "पाहा मुलांनो, हा रानातला कांदा, आपल्या कांद्याचा पूर्वज!" असे ठोकून दिले, तो चिरला आणि पाकळ्या वर्गात फिरवल्या. मागच्या बाकावरच्या एका मुलाने पाकळी तोंडाजवळ नेली, तशी ती मुलगी ओरडली, "सर, त्याला खाऊ देऊ नका! दादी म्हणते, हे खाल्लं की माणूस जातो."

पाकळ्या मी गोळा केल्या, सर्वांना हात धुवायला पाठवले. माझे स्वतःचे हात संध्याकाळपर्यंत खाजत होते. त्या मुलाने पाकळी खाल्ली असती तर काय झाले असते, हा विचार मला पुढे कित्येक रात्री सुटला नाही.

रविवारी मी त्या मुलीच्या घरी गेलो. दादींनी आयुष्यभर बकऱ्या चारल्या आहेत. शाळेत त्या कधी गेल्या नाहीत. त्यांनी एक कांदा माझ्या हातात दिला आणि म्हणाल्या, "सूरत प्याज की है बेटा, बास प्याज की नहीं. सूंघ के देख." मी वास घेतला. खरेच, कांद्याचा वास नव्हता. चिरताना डोळ्यांत पाणीही आले नव्हते, ते मला तेव्हा आठवले. खरा कांदा चिरला की गंधकयुक्त वायू सुटतो आणि डोळे झोंबतात. यात तो प्रकारच नाही. जी परीक्षा दादींनी एका वाक्यात सांगितली, ती मी वर्गात चाळीस मुलांसमोर केली नव्हती.

नंतर मी पुस्तके पाहिली. याला मराठीत रानकांदा किंवा कोळकांदा म्हणतात, आपल्या घरात जंगली प्याज. शास्त्रीय नाव ड्रिमिया इंडिका. या नावाचाही इतिहास आहे. कलकत्त्याच्या वनस्पती उद्यानात काम केलेले विल्यम रॉक्सबर्ग यांनी त्याचे वर्णन स्किला इंडिका म्हणून केले. ते १८३२ साली, त्यांच्या मृत्यूनंतर छापले गेले. १८४३ मध्ये कुंथ या शास्त्रज्ञाने त्याला अर्जिनिया वंशात नेले आणि आजचे नाव १९७७ मध्ये आले. अर्जिनिया हे नाव अल्जीरियातील बेनी उर्जिन या अरब टोळीवरून पडले आहे. जुन्या औषधी ग्रंथांत अजून हेच नाव आढळते. खऱ्या कांद्याचे कूळ मात्र वेगळे. आजच्या वर्गीकरणात रानकांदा शतावरीच्या कुळात बसतो. तेव्हा 'पूर्वज' हे माझे विधान साफ चुकीचे होते.

आता ओळख सांगतो. आपल्या जिल्ह्यात देऊळगाव राजा, सिंदखेड राजा, चिखली या भागांत कांद्याचे बी पिकवतात, त्यामुळे कांद्याचे फूल तुम्हाला नव्याने दाखवायला नको. कांद्याच्या दांड्याच्या टोकाला गोल गोंडा येतो. रानकांद्याला गोंडा येत नाही. त्याची फुले उंच दांड्यावर एकाआड एक, दूर दूर लागतात. लहान घंटेसारखी, फिकट, हिरवट-तपकिरी. कांद्याची पात पोकळ नळीसारखी, तर याची पाने चपटी, पट्टीसारखी. कांद्याचे बी काळे व तिकोनी, याचेही काळेच, पण चपटे आणि पातळ.

सर्वांत नवलाची गोष्ट त्याच्या वेळापत्रकाची. बहुतेक झाडे आधी पाने काढतात, मग फुले. हा उलट वागतो. उन्हाळ्यात, जेव्हा माळावर गवताची काडी हिरवी नसते, तेव्हा कोरड्या मुरमातून नुसता दांडा वर येतो, दीड-दोन फूट, कधी त्याहून उंच. पान एकही नाही. फुलाला लागणारे सारे अन्नपाणी मागच्या पावसाळ्यात कांद्यात साठवलेले असते. पाऊस पडला की पाने येतात, तीन-चार महिन्यांत साठा भरून ठेवतात आणि पावसाळा सरल्यावर वाळून जातात. त्यानंतर जमिनीवर खूण राहत नाही. ७०० ते ८०० मिलिमीटर पावसाच्या, तोही चार महिन्यांतच उरकणाऱ्या मुलखात जगायची ही रीत आहे.

आता थोडा माझा भूगोल. जुन्या वऱ्हाडाचे पायनघाट आणि बालाघाट असे भाग सांगत. मलकापूर, नांदुरा, शेगाव ही पूर्णेच्या खोऱ्यातली काळी जमीन म्हणजे पायनघाट. बुलढाणा, चिखली, मेहकर घाटावर. मी पाहिले त्यावरून सांगतो, पाणी धरून ठेवणाऱ्या आणि दरवर्षी नांगरल्या जाणाऱ्या काळ्या रानात रानकांदा दिसत नाही. त्याला निचऱ्याची, दगडगोट्यांची, उघडी जागा लागते. राजूर घाटाचा उतार, बोथ्याच्या जंगलातली साग-सालईखालची मोकळी जागा, कुसळी गवताचे माळ, ही त्याची घरे. कोकणात तो समुद्रकाठच्या वाळूतही वाढतो; वाळू आणि मुरूम, दोन्हींत पाणी थांबत नाही. बकऱ्या त्याला तोंड लावत नाहीत, असे दादी सांगतात. म्हणूनच बाकी सारे चरून उजाड झालेल्या टेकाडावरही तो टिकून असतो. मात्र मुरूम खोदणाऱ्या यंत्रापुढे त्याचे काही चालत नाही. त्या मुलीने ज्या टेकाडावरून कांदा आणला, त्याची एक बाजू आता रस्त्याच्या भरावात गेली आहे.

तो विषारी का? हाताला खाज येते ती अळू-सुरणात असतात तशा सूक्ष्म सुयांमुळे. खरे विष निराळे. त्यातली द्रव्ये थेट हृदयावर काम करतात. फार थोड्या प्रमाणात ती हृदयाचे आकुंचन जोरकस करतात आणि छातीतला कफ सुटायला मदत करतात. थोडे अधिक झाले की उलट्या, जुलाब, नाडी मंद आणि अनियमित, आणि मग हृदय थांबण्याचे भय.

याच दुहेरी गुणामुळे हकीमांना तो हजार वर्षांहून अधिक काळ माहीत आहे. भूमध्य समुद्राकाठी याचा मोठा भाऊ वाढतो. अरबीत त्याला उन्सुल म्हणतात, इश्कील म्हणतात, आणि बसल-अल-फार, म्हणजे उंदराचा कांदा, असेही म्हणतात. त्याच्या लाल जातीपासून उंदरांचे विष करीत. उंदराला उलटी करता येत नाही, त्यामुळे पोटात गेलेले विष बाहेर पडत नाही. इब्ने सीनांच्या अल-कानूनमध्ये या कांद्याचा समावेश आहे. १२४८ साली दमास्कसला वारलेले इब्न अल-बैतार यांच्याही औषधी ग्रंथात तो आहे. युनानीत तो पिठाच्या गोळ्यात भाजून घेत. सिरक्यात केलेले सिकंजबीन उन्सुली दम्या-खोकल्यावर देत. त्याच मुलखात शेताच्या बांधावर हा कांदा लावण्याचीही चाल आहे, कारण तो वर्षानुवर्षे जागा सोडत नाही. आपल्याकडे ही चाल असती तर तलाठ्याचे निम्मे काम कमी झाले असते!

असो. पालकांना, विशेषतः भगिनींना, एक विनंती आहे. हकीमांच्या ग्रंथात आहे म्हणून घरी उकळून खोकल्यावर देऊ नका. औषध आणि विष यांत येथे फारच थोडे अंतर आहे. एका कांद्यात जोर किती आणि दुसऱ्यात किती, हे डोळ्यांनी कळत नाही. भाजले म्हणून तो निर्धोक झाला असेही समजू नका. पावसाळ्यात फोडशी किंवा कुळीची भाजी आणायला मुले रानात जातात. तिचीही पाने पट्टीसारखीच. एखादे रोप मुळासकट उपटून पाहावे. फोडशीला खाली मुसळीसारख्या मुळांचा झुबका असतो. खाली कांदा निघाला तर पान टाकून द्यावे आणि हात धुवावेत. चुकून कोणी खाल्लेच, तर घरगुती उपाय करीत किंवा बोटे घालून उलटी काढीत बसू नये. ताबडतोब सरकारी दवाखाना गाठावा आणि उरलेले रोप सोबत न्यावे, म्हणजे डॉक्टरांना काय खाल्ले ते लगेच कळेल.

विद्यार्थी मित्रहो, त्या दिवशी वर्गात खरे उत्तर एकाच मुलीला येत होते, आणि ते कोणत्याही परीक्षेत विचारले गेले नसते. नंतर आम्ही दादींना शाळेत बोलावले. त्या खुर्चीवर बसायला तयार नव्हत्या. मुलांनी आग्रह केला तेव्हा बसल्या. पाऊण तास त्यांनी रानातल्या नऊ वनस्पती हातात घेऊन दाखवल्या, आणि मी मुलांसोबत बाकावर बसून वहीत टिपून घेतले.

त्या मुलीने आणलेला दुसरा एक कांदा आम्ही शाळेच्या व्हरांड्यातल्या कुंडीत लावला आहे. मुरूम तिनेच आणून दिला. यंदा एप्रिलमध्ये, सुट्टी लागण्याच्या तोंडावर, त्यातून दांडा आला. सुट्टीत शाळेत शिपाईमामांशिवाय कोणी नव्हते. कुंडीत काठी खोचली आहे असे वाटून ते ती उपटणार होते, फूल दिसले म्हणून थांबले. त्या फुलांचे बी एका बाटलीत भरून प्रवेशद्वाराजवळच्या टेबलावर ठेवले आहे. शेजारी कांद्याचे बीही आहे. जाताना दोन्ही पाहून जा. बाटलीचे झाकण मात्र उघडू नका.