ऋण अपूर्णांकांची भीती कशाला?



सातवी-आठवीत पुष्कळ मुले गणितावर रुसतात. छेद वेगवेगळे आणि पुढे वजा चिन्ह, असे उदाहरण आले की पेन्सिल खाली ठेवतात. "आमच्या घरात गणित कोणालाच येत नाही," असे म्हणून पालकही मोकळे होतात. पुढे विज्ञान शाखेची वाट अवघड होते, तिची सुरुवात कित्येकदा इथेच असते.

ऋण म्हणजे देणे. ब्रह्मगुप्ताने इ. स. ६२८ मध्ये धन व ऋण संख्यांचे नियम सांगितले, ते याच शब्दांत. तेव्हा वजा चिन्ह दिसताच "देणे" असे वाचावे.

समजा, शेजारणीकडून अर्धा डझन अंडी उसनी आणली. हे −१/२. नंतर एक तृतीयांश डझन परत केली. बाकी किती? काही मुले अंशात अंश आणि छेदात छेद मिळवून ०/५, म्हणजे शून्य, लिहितात. देणे फिटले! शेजारीण हे मान्य करील काय? सहा आणली, चार दिली. दोन देणे आहेच.

−१/२ + १/३ = −६/१२ + ४/१२ = −२/१२ = −१/६

अर्धा आणि तृतीयांश हे निरनिराळ्या मापाचे तुकडे आहेत. ते एका मापाचे केल्याशिवाय मोजता येत नाहीत. छेद समान करणे ते हेच.

तीन अंडी देणे असताना आणखी चार उसनी घेतली, तर देणे वाढते:

−१/४ − १/३ = −३/१२ − ४/१२ = −७/१२

नऊ देणे असताना शेजारणीने आठ माफ केली, तर देण्यातून देणे वजा झाले:

−३/४ − (−२/३) = −९/१२ + ८/१२ = −१/१२

देणे माफ होणे म्हणजे तेवढे मिळाल्यासारखेच. म्हणून इथे वजाचे अधिक होते.

बाराने काम भागत नसेल तेथे छेदांचा लसावि काढावा. ६ आणि ८ यांचा लसावि २४:

−५/६ + ३/८ = −२०/२४ + ९/२४ = −११/२४

हा २४ आपल्या वडीलधाऱ्यांना परका नाही. मृताला मुले असताना पत्नीचा १/८ आणि आईचा १/६ हिस्सा काढायचा, तर मालमत्तेचे २४ भाग धरतात. ३ पत्नीचे, ४ आईचे. नवव्या शतकात बगदादमध्ये अल-ख्वारिज्मीने आपल्या बीजगणिताच्या ग्रंथाचा मोठा भाग वारसाच्या अशाच हिशेबांना दिला आहे.

पालकांनो, रोज पंधरा मिनिटे मुलाजवळ, मुलीजवळ बसा. तुम्हाला गणित आलेच पाहिजे असे नाही. एवढेच विचारा: देणे किती? दिले किंवा माफ झाले किती? माप एक केले का? आणि विद्यार्थी मित्रांनो, उत्तर आल्यावर देणे जास्त की येणे जास्त, हे पाहून चिन्ह तपासा.

ज्या घरात उधारीचा हिशेब चोख राहतो, त्या घरातील मुलाला हे गणित खचित येईल.