जप्ती आणि सरकारजमा यांमधील अंतर
(भाषणाचा मजकूर)



अवैध वाळूउपशाच्या प्रकरणांत पकडल्या जाणाऱ्या वाहनांविषयी चार शब्द बोलण्याची आज्ञा मला झाली आहे. आरंभीच स्पष्ट करतो की, वाळूचोरीचे समर्थन करण्यास मी येथे उभा नाही. नदीपात्रातील वाळू पाणी धरून ठेवते. ती उपसली की काठच्या विहिरी आटतात, पुलांचे पाये उघडे पडतात, आणि जिला स्वतःची विहीर नाही ती वस्ती सर्वांआधी तहानेली राहते. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली दीपककुमार प्रकरणात ५ हेक्टरांहून लहान खाणपट्ट्यांसही पर्यावरणविषयक मंजुरी आवश्यक ठरविली. तेव्हा कायदा कठोर असावा, हे मला मान्य आहे. परंतु तो चालविणाऱ्याने स्वतः कायद्याने चालावे की नाही, हा माझा प्रश्न आहे.

कायदा काय सांगतो? महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ अन्वये अधिकार मिळालेला, तहसीलदाराहून कमी दर्जाचा नसलेला अधिकारी वाहन जप्त करू शकतो. परंतु ते ४८ तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यापुढे, अथवा त्याने अधिकार दिलेल्या व उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे, हजर केले पाहिजे. तो अधिकारी विहित दंड व जातमुचलका घेऊन वाहन सोडू शकतो. आणि मुचलक्याची रक्कम वाहनाच्या बाजारभावाहून अधिक असू शकत नाही. पकडणारा एक व सोडण्याचा विचार करणारा त्याच्या वरचा, अशी ही योजना आहे. खटला १९५७ च्या केंद्रीय खाण व खनिज अधिनियमाखाली झाला, तर वाहन सरकारजमा करण्याचा आदेश न्यायालयाने द्यावयाचा असतो.

येथे दोन शब्दांतील भेद ध्यानी घ्यावा. जप्ती म्हणजे तात्पुरता ताबा. सरकारजमा म्हणजे मालकीचा अंत. या दोहोंच्या मध्ये नोटीस, सुनावणी आणि कारणांसह लेखी आदेश या तीन पायऱ्या असल्याच पाहिजेत. संविधानाचा अनुच्छेद ३००-अ कायद्याच्या आधारावाचून कोणाचीही मालमत्ता हिरावून घेऊ देत नाही. या अनुच्छेदात नोटीस, सुनावणी व सकारण निर्णय यांचे हक्क अंतर्भूत आहेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ साली कोलकाता महानगरपालिकेच्या भूसंपादन प्रकरणात सांगितले. जमिनीस जे तत्त्व लागू, ते ट्रॅक्टरला का लागू नसावे?

पायऱ्या गाळल्या की घाव कोणावर पडतो, ते पाहा. २०१८ च्या नियमांप्रमाणे ट्रॅक्टर सोडविण्याचा दंड १ लाख रुपये ठरला. धनवान ठेकेदार तो भरून दुसऱ्या दिवशी मोकळा होतो. ज्याने कर्ज काढून ट्रॅक्टर घेतला, त्याचे वाहन मात्र कचेरीच्या आवारात उन्हापावसात सडते आणि बँकेचे हप्ते थांबत नाहीत. रोजंदारीचा चालक तर मालकही नसतो, नफेखोरही नसतो. पोलीस ठाण्यांत वाहने अशी कुजत ठेवू नयेत, छायाचित्रे व जामीन घेऊन ती सोडावीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ सालीच सुंदरभाई देसाई प्रकरणात बजावले आहे.

म्हणून माझे सांगणे असे. पंचनाम्याची प्रत मागा. कोऱ्या कागदावर सही करू नका. जप्तीची तारीख व वेळ लिहून ठेवा, कारण ४८ तासांचा हिशेब तेथूनच सुरू होतो. वाहतुकीचा परवाना असेल तर त्याची प्रत जोडून नोटिशीस लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. "पैसे भरा आणि वाहन न्या" हे तोंडी वाक्य म्हणजे आदेश नव्हे. लेखी आदेश मागा, भरलेल्या रकमेची पावती घ्या. तहसीलदाराच्या आदेशाविरुद्ध कलम ४७ नव्हे, कलम २४७ अन्वये उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील होते, आणि त्याची मुदत ६० दिवसांची आहे. भगिनींनो, हे कागद घरात तुम्ही जपून ठेवा. वकील कितीही हुशार असला, तरी कागदावाचून त्याचे हात बांधलेले असतात.

आणि तरुणांनो, परवान्यावाचून रात्री नदीत वाहन घालण्यास कोणी सांगितले, तर स्वच्छ नकार द्या. आपण नियम पाळला, म्हणजे अधिकाऱ्यानेही नियम पाळावा, हे ताठ मानेने सांगता येते.