वाटणीचा दावा आणि सामाईक शेतीचे उत्पन्न
(विहारातील सभेत केलेले भाषण)



गतवर्षी एक भगिनी माझ्याकडे आल्या. वडील निवर्तलेले, तीन भाऊ, सहा एकर शेती. थोरले बंधू जमीन कसतात, पीक विकतात आणि हिशोब विचारला की म्हणतात, "कोर्टाचा निकाल लागू दे, मग पाहू." दाव्याला आठ वर्षे झाली होती. तेवढ्या अवधीत त्यांच्या मुलाचे शिक्षण बारावीवर थांबले. आज मला बोलावयाचे आहे ते या "मग पाहू"विषयीच.

प्रथम एक भ्रम दूर करतो. "तुम्ही दीक्षा घेतली, आता तुमचा हक्क उरला नाही," असे सांगणारे नातलग अजूनही भेटतात. १९५६ चा हिंदू उत्तराधिकार अधिनियम कलम २ अन्वये बौद्धांनाही लागू आहे. त्याचे नाव आपणांस रुचो वा न रुचो, बौद्ध धम्माच्या दीक्षेने वारसाहक्क बुडत नाही, हे निश्चित. २००५ च्या दुरुस्तीने एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत कन्येचा हक्क पुत्राइतकाच झाला; त्या दिवशी वडील हयात असण्याची आवश्यकता नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली स्पष्ट केले. २० डिसेंबर २००४ पूर्वी रीतसर झालेल्या वाटण्या मात्र उकरता येत नाहीत.

आता उत्पन्नाकडे वळू. कसणारा सहहिस्सेदार एकटा मालक होत नाही. एकाचा ताबा तो सर्वांचा ताबा, असे कायदा मानतो. सातबाऱ्यावर एकट्याचे नाव लागले, एवढ्याने इतरांची मालकी जात नाही. तथापि आजवरच्या प्रत्येक दाण्याचा हिशोब मागता येईल, असेही समजू नका. एकत्र कुटुंबाच्या कर्त्याकडून मागील काळाचा हिशोब अफरातफर दाखविल्याशिवाय सहसा मिळत नाही. वाटणीची निःसंदिग्ध मागणी झाली, की तेथून त्याची जबाबदारी पालटते. म्हणून ती मागणी पारावर किंवा लग्नमांडवात करू नका. पोहोच मिळेल अशा रीतीने टपालाने लेखी पाठवा. त्या कागदाची तारीख पुढे फार मोलाची ठरते.

हिशोब न्याय्य असावा. समजा, पिकाचे २ लाख ४० हजार रुपये आले आणि बियाणे, खत, मजुरी, शेतसारा यांवर १ लाख ४० हजार खर्च झाले. उरलेल्या १ लाखात चौघांचा वाटा प्रत्येकी २५ हजार. कसणाऱ्याचा घाम फुकट धरू नये. तोही आपलाच भाऊ आहे. पण खर्चाचा पुरावा त्याने द्यावा. आपणही बाजार समितीच्या पट्ट्या, कारखान्याची ऊसबिले, खंडाचे कागद जमवून ठेवावेत.

पुष्कळ पक्षकार येताच "रिसीव्हर बसवा" म्हणतात. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४० मध्ये तशी तरतूद आहे, परंतु न्यायालय ती सहज वापरीत नाही. शिवाय रिसीव्हरचा खर्च शेवटी त्याच शेतीच्या उत्पन्नातून निघतो. माझे मत असे, की आधी सौम्य मागणी करावी: प्रत्येक हंगामाचा हिशोब दाखल व्हावा, आपल्या हिश्श्याची रक्कम न्यायालयात जमा व्हावी, किंवा वर्षाचा खंड हिस्सेदारांतच बोलीने ठरावा.

आणखी एक चूक वारंवार दिसते. दाव्यात ताब्यापर्यंतच्या उत्पन्नाच्या चौकशीची मागणीच नसते. प्राथमिक हुकूमनामा झाल्यावर सारा भरणाऱ्या शेतीची प्रत्यक्ष वाटणी कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते, आणि त्यात वर्षे जातात. त्या वर्षांचे पीक कोणाचे, हा प्रश्न मोकळा राहू नये.

दावा चालू असता जमीन विकली जाण्याचे भय असते. मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचे कलम ५२ अशा खरेदीदाराला निकालाने बांधते. मात्र आपल्या राज्यात त्यासाठी दावा प्रलंबित असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. हे न केल्यामुळे जिंकलेले दावेही लंगडे पडतात.

महार वतनाच्या जमिनी ज्यांच्याकडे आहेत, त्यांनी पुनर्प्रदानाचा आदेश आधी वाचावा. १९५८ च्या कायद्याने वतन गेले, पण विक्री व वाटपावर पूर्वपरवानगीची शर्त राहिली.

त्या भगिनींच्या दाव्यात आम्ही अर्ज दिला. दर हंगामाचा हिशोब आणि चौथा हिस्सा न्यायालयात भरण्याचा आदेश झाला. पहिली रक्कम गेल्या माघात जमा झाली. मागील आठ वर्षांची चौकशी अद्याप बाकी आहे. ज्यांनी सातबारा आणि फेरफाराच्या नकला आणल्या असतील, त्यांनी सभेनंतर थांबावे.