दावीदाची गोष्ट पूर्ण सांगा



नवापूर, चिंचपाडा, खांडबारा, विसरवाडी या पट्ट्यातल्या कुठल्याही ख्रिस्ती घरातल्या पोराला विचारा, दावीदानं गल्याथाला कसं मारलं? ओढ्यातले पाच गुळगुळीत गोटे, गोफण, कपाळात बसलेला दगड, सगळं धडाधड सांगेल. मग त्यालाच विचारा, दावीदानं उरीयाचं काय केलं? पोरगं तुमच्या तोंडाकडे बघत राहील. दोष त्याचा नाही. आपण त्याला ते सांगितलेलंच नाही. रविवारच्या शाळेत आम्ही शिक्षक मंडळी दावीदाला रणांगणातून उचलतो आणि थेट सिंहासनावर नेऊन बसवतो. मधली पानं गुपचूप उलटतो.

मला मिळालेल्या मिनिटांत माझं मागणं एवढंच आहे, ती पानं उलटू नका. मुलांचं वय बघा, शब्द जपून वापरा, पण सांगा. शास्त्र लिहिणाऱ्यांनी ज्या गोष्टी झाकल्या नाहीत, त्या झाकणारे आपण कोण?

शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकाचा अकरावा अध्याय बघा. राजांनी लढाईवर जायचे दिवस आहेत, सैन्य राब्बाला वेढा घालून बसलंय आणि दावीद मात्र यरुशलेमेत घरी आहे. आपल्याच सैन्यातल्या उरीयाची बायको बथशेबा त्याच्या नजरेला पडते, तो तिला वाड्यात आणवतो. बथशेबेला दिवस गेल्यावर तो तिच्या नवऱ्याला आघाडीवरून बोलावून घेतो, घरी जा म्हणतो. उरीया जात नाही. सोबती उघड्या माळावर तळ देऊन पडलेत, मी घरी जाऊन सुखात कसा झोपू, असं त्याचं म्हणणं. राजवाड्याच्या दारात चाकरांबरोबर पथारी टाकतो. दुसऱ्या दिवशी दावीद त्याला दारू पाजतो, तरी तो घरी जात नाही. शेवटी दावीद सेनापतीला चिठ्ठी लिहितो, याला लढाईच्या ऐन तोंडावर उभा करा आणि मागे सरा. आणि ती चिठ्ठी पाठवतो कुणाच्या हातानं? उरीयाच्याच. तो बिचारा आपलं मरण स्वतःच्या हातानं वाहून नेतो.

उरीया हित्ती होता. परका माणूस, आणि सगळ्या गोष्टीत सरळ वागलेला तोच.

हे लिहिणाऱ्याला गाळता आलं नसतं का? दावीदाच्याच वंशाचे राजे गादीवर बसत होते, गाळणं सोयीचं होतं. तरी लिहिलं. शेकडो वर्षांनी मत्तय येशूची वंशावळ लिहायला बसला, तेव्हाही त्यानं बथशेबेचं नाव न घालता शलमोनाच्या आईला उरीयाची बायको म्हटलं. प्रभूच्या वंशावळीतच मारल्या गेलेल्या माणसाचं नाव बसवून टाकलं! मला तर ही जागा वाचताना दर वेळी थांबावंसं वाटतं.

इथे एक गोष्ट कडक शब्दांत सांगते, कारण या गोष्टीचा गैरवापर फार होतो. मंडळीचा पैसा खाल्लेला माणूस, बायकोवर हात टाकणारा माणूस उठतो आणि म्हणतो, दावीदही चुकला होता, देवानं त्याला वापरलंच ना? भाऊ, बारावा अध्याय वाच. नाथान संदेष्टा तोंडावर येऊन उभा राहतो. दावीद आपलं पाप कबूल करतो, कारणं सांगत बसत नाही. क्षमा मिळते, पण मूल जातं, पुढे अम्नोन, अबशालोम हे मुलगेही जातात, घराची राखरांगोळी होते. क्षमा मिळाली म्हणून हिशोब पुसला गेला नाही. देवानं दावीदाला वापरलं हे खरं, पण उरीयाला तो विसरला नाही, हेही तितकंच खरं. दोन्ही एका दमात सांगितलं तरच गोष्ट पूर्ण होते.

देव कसली माणसं वेचतो, हे सांगायला मोहाच्या फुलाकडे वळते. मोहाच्या दिवसांत ते रोज आपल्या डोळ्यांसमोर असतं. बाया पहाटे टोपल्या घेऊन जातात. झाडावर चढून मोहाचं फूल कुणी तोडतं का? नाही. जे रात्री गळून मातीत पडलं, तेच वेचायचं. कधी त्याला मुंग्या लागलेल्या असतात, कधी गुरांचा पाय पडलेला असतो. तरी आई ते टोपलीत टाकते. देवाची माणसं मला अशी दिसतात. फांदीवरची नव्हेत, खाली पडलेली.

पण वेचलं म्हणजे काम संपलं का? ते फूल अंगणात उन्हात पसरावं लागतं, वर-खाली करावं लागतं, अवकाळी पावसापासून सांभाळावं लागतं. मोशेचं बघा. इकडे-तिकडे बघून मिसरी माणसाला मारलं, वाळूत पुरलं आणि मिद्यानात पळाला. चाळीस वर्षं सासऱ्याची मेंढरं राखली. फारोपुढे उभा राहिला तेव्हा वय ऐंशी. ते चाळीस वर्षांचं ऊन आपण एका वाक्यात सांगून मोकळे होतो. आणि शेवटीही, रागाच्या भरात खडकावर काठी मारली म्हणून वचनदत्त देशात पाऊल टाकायला मिळालं नाही. नबो डोंगरावरून नुसता बघितला.

आणखी एक. त्याच मोहाची दारू होते, आणि तेच मोह दळून भाकरीतही घालतात. फूल तेच. पेत्राचा उतावळेपणा तोच होता, ज्यानं बागेत तलवार काढून मल्खाचा कान उडवला. पुढे पन्नासाव्या दिवसाच्या सणाला तोच उतावळा माणूस सगळ्यांच्या आधी उठून उभा राहिला. देवानं त्याच्या जागी दुसरा थंड डोक्याचा पेत्र आणला नाही.

येशूला धरून नेल्यानंतरची पेत्राची अंगणातली रात्र तर आपल्या लोकांना सांगायलाच हवी. शेकोटी, ती दासी, आणि लोक म्हणतात, तू त्यांच्यातलाच, तुझी बोलीच सांगतेय. आपली मावची, भिल्ल, कोकणी पोरं सुरतेकडे कामाला जातात, तोंड उघडलं की ओळखली जातात, आणि कधी कधी भीतीनं आपलं गाव, आपली माणसं नाकारतात. त्यांना ती शेकोटी समजावून सांगावी लागणार नाही. आता विचार करा, ही गोष्ट बाहेर आली कशी? दुसऱ्या शतकातल्या पापियासापासून चालत आलेली परंपरा अशी की, मार्कानं पेत्राकडून ऐकलेलंच आपल्या शुभवर्तमानात लिहिलं. म्हणजे मंडळीचा एवढा मोठा पुढारी स्वतः लोकांपुढे सांगत असणार, मी नाकारलं, शपथ घेऊन नाकारलं, मग कोंबडा आरवला आणि मी रडलो. आपल्याकडे साक्ष द्यायला उभा राहिलेला माणूस पंचवीस वर्षांपूर्वीची दारू सांगतो. मागच्या महिन्यातलं भांडण सांगत नाही.

यात माझी तक्रार मंडळीच्या वडीलजनांकडेही आहे. पुस्तकातल्या दावीदाचे डाग आपण प्रेमानं पुसतो आणि शेजारच्या पाड्यावरचा एखादा होळीच्या दिवसांत प्यायला, की त्याला प्रभुभोजनातून बाजूला ठेवतो. शिस्त हवी, मी नको म्हणत नाही. नाथानानं तेच केलं. पण नाथान घरी गेला होता, समोर बसून बोलला होता. आपण निरोप पाठवतो. मग सहा-सहा महिने त्या घरी कुणी फिरकत नाही. बायको-मुलं मागच्या बाकावर येऊन बसतात आणि उपासना संपायच्या आत उठून जातात. पडलेलं वेचायलाच हवं, असं मी मघाशी म्हटलं ते याच घरासाठी.

मराठीत आपल्या माणसाची गोष्ट पूर्ण सांगायचा धडा घालून देणारी एक बाई होऊन गेली. रेव्हरंड नारायण वामन टिळकांचा बाप्तिस्मा 1895 साली मुंबईत झाला, 1919 साली ते गेले. त्यांची गीतं आपण दर रविवारी गातो. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी 'स्मृतिचित्रे' लिहिलं, त्याचा पहिला भाग 1934 साली आला. त्यात टिळकांचा भडका आहे, न सांगता घरातून निघून जाणं आहे, हातात पैसा न टिकणं आहे, बाप्तिस्म्यानंतर बाईंच्या वाट्याला आलेली ताटातूट आहे. काहीही लपवलेलं नाही. वाचून टिळकांविषयीचा आदर कमी झाला असं म्हणणारं मला कुणी भेटलेलं नाही. उलट त्यांची गीतं गाताना आता एक खरा माणूस समोर येतो, आणि त्याच्या शेजारी हे सगळं सोसून, समजून, हसत लिहिणारी त्याची बायको. टिळकांचं 'ख्रिस्तायन' अपुरं राहिलं, ते पुढे नेऊन पुरं केलं तेही लक्ष्मीबाईंनीच. शमुवेलाचं पुस्तक लिहिणारा आणि लक्ष्मीबाई एकाच वृत्तीचे. ज्याच्यावर माया आहे, त्याचं खरं सांगायचं. मुलांना गोष्ट सांगताना तेवढंच करा, मी सुरुवातीपासून दुसरं काही मागत नाही.

वेळ थोडा उरलाय आणि शमशोन, योना, राहाब राहूनच गेले. तामारेविषयी तर स्वतंत्र बोलावं लागेल, तिच्या गोष्टीत न्याय कुणाच्या बाजूनं आहे हे यहूदालाही शेवटी कबूल करावं लागलं. तिच्या गोष्टीचा अध्याय आधी आई-वडिलांनी वाचावा.

मार्काचं मात्र सांगतेच. पेत्राचं ऐकून ज्यानं लिहिलं म्हणतात, तोच योहान मार्क. पौल आणि बर्णबा यांच्याबरोबर सेवेला निघाला आणि पंफुल्यातून अर्ध्यावर घरी परतला. पुढच्या वेळी बर्णबा म्हणाला, याला घेऊ या. पौल म्हणाला, मुळीच नाही. दोघांत इतकं बिनसलं की वाटा वेगळ्या झाल्या. बर्णबा त्या पोराला घेऊन कुप्रास गेला. आणि वर्षांनंतर तुरुंगातून पौलच तीमथ्याला लिहितो, मार्काला घेऊन ये, तो मला सेवेसाठी उपयोगी आहे. मधल्या काळात बर्णबानं त्याच्यासाठी काय काय केलं, किती वेळा समजावलं, किती वेळा नुसतं बरोबर चालत राहिला, याची एक ओळही शास्त्रात नाही. आपल्या गावागावांत असा अर्ध्यावर परतलेला एखादा पोरगा आहे, शिक्षण सोडून आलेला, बायबल शाळा सोडून आलेला. त्याच्याकडे या आठवड्यात कोण जाणार, हे रविवारी उपासनेनंतर वडीलजनांनी बसून ठरवावं. नाव लिहून ठरवावं, नाहीतर सगळे जाणार म्हणतात आणि कुणीच जात नाही.