खिडकीतला वेगळा कप

(रामटेक इथे तरुण-तरुणींच्या एका बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



मी लेखक नाही, शिक्षकही नाही. सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. आठवडाभर लॅपटॉपसमोर बसतो आणि रविवारी सकाळी आमच्या अंगणात सतरंजी टाकून लहान मुलांना चित्रांची पुस्तकं वाचून दाखवतो. या उपक्रमाबद्दल बोल, असं मला संयोजकांनी सांगितलं. बोलतो. पण त्यासाठी माझ्या घरातली एक गोष्ट सांगावी लागेल. ती सांगताना मला आजही ओशाळल्यासारखं होतं.

सुरुवात पुण्यात झाली. नोकरीसाठी मी तिकडे होतो आणि मुलगी चार वर्षांची होती. एका संध्याकाळी ती खाली खेळून वर आली. घामाघूम, पण एकदम खूश. म्हणाली, "अब्बू, आज मैं आतंकवादी बनी थी! सब डर के भागे!" खेळ चोर-पोलिसाचाच होता. पोलीस कोण, चोर कोण हे मुलांनी आपापसात ठरवलं आणि हा तिसरा भाग हिच्या वाट्याला आला. त्या शब्दाचा अर्थ तिला माहीत नव्हता. बाकीची मुलंही पाच-सहा वर्षांचीच होती, त्यांना तरी कितपत माहीत असणार? पण हा शब्द कुणाला द्यायचा, एवढं मात्र त्यांना बरोबर कळलं होतं.

त्या लेकरांवर माझा राग नाही. त्यांनी ते कुठून तरी ऐकलं होतं. माझा राग स्वतःवर होता. मी धरून चाललो होतो की जात, धर्म, गरिबी-श्रीमंती हे सगळं मुलगी मोठी झाली की समजावून सांगू. आम्ही सांगायच्या आधीच दुसऱ्यांनी सांगायला सुरुवात केली होती.

मग मी पुस्तकं शोधू लागलो. अमेरिकेतल्या अभ्यासक रूडीन सिम्स बिशप यांचा १९९० मधला एक लेख बालसाहित्यात काम करणाऱ्यांना माहीत असतो. त्यांचं म्हणणं साधं आहे. पुस्तक मुलासाठी आरसा असतं आणि खिडकीही. आरशात मूल स्वतःला बघतं, खिडकीतून दुसऱ्याचं घर बघतं. ज्या मुलाला पुस्तकात स्वतःचा चेहरा कधीच दिसत नाही, त्याला वाटू लागतं की आपण या गोष्टीत नाहीच. आणि ज्याला फक्त स्वतःचाच चेहरा दिसतो, त्याला वाटतं की जगात आपणच आहोत.

मी घरातली पुस्तकं या नजरेनं पाहिली. माधुरी पुरंदरे यांची राधा आमच्या घरात सगळ्यांची लाडकी आहे. पण घरात अम्मी आणि दादी आहेत, ईदला शीरखुर्मा होतो, असं मराठी चित्रपुस्तक शोधायला गेलो तेव्हा फार काही हाती लागलं नाही. मग मी जुन्याकडे वळलो. प्रेमचंदांची 'ईदगाह' तुम्हाला आठवत असेल. तीन पैसे घेऊन जत्रेत गेलेला हामिद मिठाई घेत नाही, खेळणं घेत नाही, दादीचे हात भाजतात म्हणून चिमटा घेऊन येतो. मी ती सोप्या शब्दांत सांगितली. मुलगी मध्येच म्हणाली, "हामिद? अपने मोहल्लेवाला हामिद?" आरसा म्हणजे काय, ते मला तेव्हा समजलं.

नंतर अब्बूंची तब्येत बिघडली आणि आम्ही रामटेकला परतलो. घरून काम करायची परवानगी मिळाली. इथे गडावर जाणाऱ्या पाहुण्यांना आपण कौतुकानं सांगतो की ढगाला निरोप्या करणारं 'मेघदूत' कालिदासाला इथेच सुचलं. अशा गावात मुलांना गोष्टी सांगणारं कुणी नसावं, हे बरं दिसत नव्हतं. सुरुवातीला सहा मुलं होती, पुढे पंधरा-सोळा झाली. पुस्तकांचा खर्च फारसा नव्हता. प्रथम बुक्सचं 'स्टोरीवीव्हर' हे संकेतस्थळ २०१५ पासून चालू आहे. तिथून मराठी, हिंदी, उर्दू अशा कितीतरी भाषांतली चित्रपुस्तकं मोफत उतरवून घेता येतात, छापताही येतात. मी मराठीत वाचायचो आणि अडलं तिथे आपल्या मोहल्ल्याच्या हिंदीत सांगायचो. मुलगी रुळली होती. मलाही वाटत होतं की काम छान चाललंय.

आमच्या गल्लीत झाडायला एक मावशी येतात. त्यांचा नातू सहा वर्षांचा. एका रविवारी तो फाटकाशी उभा राहून ऐकत होता. मी त्याला आत बोलावलं. तो आला आणि सतरंजीच्या कडेला बसायला लागला. तेवढ्यात माझी मुलगी म्हणाली, "तू यहाँ नहीं, उधर बैठ." उधर म्हणजे खाली, फरशीवर.

मी विचारलं, "क्यों?"

तिनं अगदी सहज सांगितलं, "उनका कप भी तो अलग है ना, अब्बू."

आमच्या मागच्या दाराशी खिडकी आहे. तिथे कान तुटलेला एक कप असतो. मावशींना चहा त्यातच मिळतो. मुलीला हे कुणी शिकवलं नव्हतं. तिनं फक्त पाहिलं होतं. जिला पुण्यात खेळात वेगळं काढलं, तिनंच इथे दुसऱ्याला वेगळं काढलं. आणि या वेळी ते तिनं माझ्या घरात शिकलं होतं.

तो मुलगा काही बोलला नाही. थोडा वेळ उभा राहिला आणि निघून गेला. पुढचे तीन रविवार आला नाही.

रात्री मी अम्मीशी बोललो. ती म्हणाली, "बेटा, सफाई की बात है, और कुछ नहीं." मी म्हटलं, "हजरत बिलालचा किस्सा तूच मला सांगितलास. गुलाम, हबशी, आणि अजान द्यायला त्यांनाच उभं केलं. मग आपल्या खिडकीत तो कप कशाला?" अम्मी गप्प राहिली. मीही पुढे काही बोलू शकलो नाही, कारण तो कप एकट्या अम्मीचा नव्हता. त्या घरात मी अठरा वर्षं वाढलो, शिकलो, इंजिनिअर झालो. रोज तो कप पाहिला आणि एकदाही 'का' म्हणून विचारलं नाही.

आपण फातिमा शेख यांचं नाव अभिमानानं घेतो, आणि घ्यायलाच हवं. सावित्रीबाईंच्या १८५६ मधल्या पत्रात फातिमाचा उल्लेख आहे. पण त्या कुणाच्या शाळांच्या कामाला हातभार लावत होत्या? ज्यांना गावानं सतरंजीवर बसू दिलं नसतं, त्यांच्या. फुल्यांच्या शाळेत शिकलेल्या मुक्ता साळवे या मुलीनं मांग-महारांच्या दुःखावर निबंध लिहिला आणि तो १८५५ मध्ये 'ज्ञानोदय'त छापून आला. तेव्हा ती चौदा वर्षांची होती. फातिमांचा फोटो व्हॉट्सॲपवर ठेवायचा आणि मुक्ताच्या लेकरांचा कप खिडकीत ठेवायचा, हे दोन्ही एका घरात चालत होतं. आमच्याच घरात.

आता पुढे काय केलं ते सांगतो, कारण माझ्यासारखीच अडचण तुमच्यातल्या कुणालाही येईल.

त्या मुलाला परत बोलवायला जावं, असं आधी वाटलं. मग ताराबाई मोडकांचं काम आठवलं. १९४५ मध्ये त्या बोर्डीला गेल्या, सोबत अनुताई वाघ होत्या. वस्तीतली मुलं बालवाडीपर्यंत येत नाहीत, हे पाहिल्यावर त्यांनी बालवाडीच वस्तीच्या अंगणात नेली. आज देशभर रूढ असलेल्या 'अंगणवाडी' या शब्दामागे ते अंगण आहे. पुढे कोसबाडला आदिवासी मुलांसाठी त्यांनी कुरणशाळा चालवली. मुलं गुरं राखायला जातात ना, मग शाळाही कुरणात. मुलानं आपल्याकडे यावं ही अट त्यांनी ठेवलीच नाही.

चौथ्या रविवारी आम्ही सतरंजी गुंडाळली आणि मावशींच्या वस्तीत गेलो. दोन पालकांनी आपली मुलं पाठवली नाहीत. पाठवली नाहीत म्हणजे, "आज तब्येत ठीक नहीं" असं कळवलं. बाकीची आली. महाश्वेता देवींची मोयनाची गोष्ट वाचली. 'द व्हाय-व्हाय गर्ल' या नावानं ती चित्रांसह इंग्रजीत निघाली आहे, मी आपल्या भाषेत सांगितली. मोयना शबर जमातीची, शेळ्या राखणारी पोर. ती सारखी 'का' विचारते. पाणी आणायला मीच एवढ्या लांब का जायचं? मालकाचं उरलेलं आम्ही का खायचं? गोष्ट संपल्यावर मी म्हटलं, आता तुमचे 'का' सांगा. एकानं विचारलं, मासे बोलत का नाहीत? दुसरीनं विचारलं, भाई को सायकल और मुझे क्यों नहीं? मावशींचा नातू बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "आमच्या आजीला सगळे नावानं हाक मारतात. तुमच्या आजीला नाही मारत. का?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. मी एवढंच म्हणालो, "हे बरोबर नाही. आणि ते मोठ्यांनी केलंय." माझी मुलगी त्याच्याकडे बघत होती. त्या दिवशी तहान लागली तेव्हा तिनं त्यांच्याच घरी पाणी प्यालं. घरी आल्यावर तिनं ते दादीला सांगितलं, मुद्दाम नाही, इतर गोष्टींसोबत. अम्मी काही बोलली नाही. पुढच्या महिन्यात कधीतरी माझ्या लक्षात आलं की खिडकीत तो कप नाही. मावशी आता आमच्यासारख्याच स्टीलच्या पेल्यात चहा घेतात. मागच्या दाराशी बसूनच घेतात, हेही सांगितलं पाहिजे. एवढंच झालंय. बाकी अजून व्हायचंय.

काही गोष्टी अनुभवातून शिकलो, त्या थोडक्यात सांगतो.

गोष्ट संपल्यावर 'यातून आपण काय शिकलो?' असं विचारू नका. मुलं तुम्हाला हवं ते उत्तर देतात आणि मोकळी होतात. त्यापेक्षा चित्र दाखवा. यात कोण खुर्चीवर बसलंय? कोण उभं आहे? ताट कोण वाढतंय? मुलं आपल्यापेक्षा बारीक बघतात. तीन ते सात वर्षांच्या मुलांना पंधरा मिनिटं पुरे. पुस्तक एकच घ्या, पण दोनदा वाचा.

न्याय शिकवायला भाषण लागत नाही. एकदा मुलं होती सोळा आणि केळी बारा. मी मुलांनाच वाटायला सांगितलं. आधी भांडण झालं. मग कुणीतरी अर्धी-अर्धी करायचं सुचवलं. त्यावर एक मुलगी म्हणाली, "लेकिन जिसने सुबह से कुछ नहीं खाया, उसको पूरा." दोन हात वर झाले. त्या दोघांना पूर्ण केळं मिळालं, कुणी तक्रार केली नाही. वाटणी सारखी असणं आणि न्यायाची असणं यातला फरक मी इंजिनिअरिंग संपेपर्यंत शिकलो नव्हतो.

आणि मुलांना घाबरवू नका. दंगलीचे, मारझोडीचे तपशील त्या वयाला नकोत. फाळणीसारखा विषयही नीट सांगता येतो. नीना सबनानी यांच्या 'मुकंद आणि रियाज' या चित्रपुस्तकात कराचीतल्या दोन मित्रांची गोष्ट आहे. कापडाच्या तुकड्यांसारखी चित्रं आहेत. रियाज मुकंदच्या कुटुंबाला जहाजापर्यंत सुखरूप पोचायला मदत करतो. ताटातूट आहे, दुःख आहे, पण मुलाच्या हाती मैत्री उरते.

लोक मला दोन गोष्टी म्हणतात. पहिली: एवढ्याशा मुलांच्या डोक्यात हे कशाला? त्यांना मी चोर-पोलिसाचा तो खेळ सांगतो. दुसरी आपल्यातलेच लोक म्हणतात: आपल्यावरच एवढा अन्याय होतोय, आधी तो सांग, दुसऱ्यांचं नंतर. हे दुखणं मला कळतं. घर भाड्यानं मागताना नाव सांगितल्यावर समोरच्याचा आवाज कसा बदलतो, ते मी ऐकलेलं आहे. मुलीला आरसा हवाच आणि मी तो तिला देत राहीन. पण नुसता आरसा दिला, तर ती एवढंच शिकेल की अन्याय आपल्यावर होतो. आपल्या हातूनही होतो, आपल्या बिरादऱ्यांच्या उतरंडीत होतो, बहिणीच्या हिश्श्यात होतो, मागच्या दाराच्या खिडकीत होतो, हे तिला कधी कळणार नाही. मग उद्या 'आमच्याशी न्यायानं वागा' असं ती कुठल्या तोंडानं म्हणेल?

तुमच्यापैकी बऱ्याच जणांचं लग्न व्हायचंय, मुलं दूर आहेत. पण प्रत्येकाच्या घरात भाचा-पुतणी आहेच. या आठवड्यात एक पुस्तक उतरवून घ्या, आठ-दहा पानं छापा आणि अंगणात बसा. कोण आलं ते बघा. कोण आलं नाही तेही बघा. मग पुढच्या रविवारी सतरंजी घेऊन त्यांच्या अंगणात जा.

त्याआधी एकदा आपल्या घराच्या मागच्या खिडकीत काय ठेवलंय, ते बघून घ्या.