सव्वाआठातून पावणेतीन

तलासरी तालुक्यातल्या झाई बंदरावर शोभेल असं एक गणित घेऊ. सव्वाआठ वाव (दोन्ही हात पसरून घेतलेलं माप म्हणजे एक वाव) दोर आहे, त्यातला पावणेतीन वाव कापला, उरला किती? शाळेची रीत अशी: पावातून पाऊण जात नाही, म्हणून आठातला एक सुटा करायचा, त्याचे चार पाव करून जवळच्या पावात मिळवायचे, पाचातून तीन गेले, दोन पाव म्हणजे अर्धा उरला, सातातून दोन गेले, पाच. उत्तर साडेपाच. दोर हाताळणारा माणूस मात्र खालून वर चढेल: पावणेतीनात पाव घातला की तीन, तिथून आठापर्यंत पाच, वर पाव, झाले साडेपाच. दोन्ही रीती बरोबर. पण शाब्दिक उदाहरणात मुलं वजाबाकीपेक्षा वाचनातच जास्त अडतात असं मला वाटतं, आणि समच्छेदाचा सराव कितीही वाढवला तरी ती अडचण जात नाही. ‘आठ वाव दोरातला पाव भाग कापला’ आणि ‘आठ वाव दोरातला पाव वाव कापला’ ही दोन वाक्यं पाहा. पहिल्यात दोन वाव जाऊन सहा उरतात, दुसऱ्यात पावणेआठ. घाईने वाचणारं मूल दोन्हीकडे पावणेआठच लिहील, आणि त्याची वजाबाकी अगदी बिनचूक असेल! आता तिसरं: ‘पावणेतीन वाव कापल्यावर साडेपाच वाव उरला, तर मूळ दोर किती?’ इथे ‘उरला’ आहे, तरी करायची बेरीज. ‘उरले दिसलं की वजा करा’ ही गाईडातली युक्ती इथे तोंडघशी पाडते.

परिसरातल्या वस्तूंवरून शिकवणं या भागाला नवं नाही. झाईजवळच्या बोर्डीत ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ साली बालशिक्षणाचं काम सुरू केलं, १९५७ मध्ये ते कोसबाडला गेलं, आणि गुरं राखणाऱ्या मुलांसाठी कुरणशाळाही निघाली. यावर कुणी म्हणेल, पाव-पाऊण ठीक, पण ६ १/३ मधून २ ३/४ वजा करायला कोणतं बंदर उपयोगी पडणार? आक्षेप खरा आहे. इथेही वर चढता येतं: पाव, मग तीन, मग एक तृतीयांश. पण पाव आणि तृतीयांश मिळवायला छेद बारा करावाच लागतो. तेव्हा कुठे ३ ७/१२ मिळतात. म्हणजे समच्छेद टळत नाही, टळते ती फक्त एक सुटा करण्याची कसरत. दुसरा आक्षेप परीक्षेचा, की गुण पायऱ्यांना असतात. मग पायऱ्या शाळेच्याच लिहाव्यात. फक्त त्याआधी समासात अंदाज मांडावा, ‘सहाहून थोडे जास्त, त्यातून जवळजवळ तीन गेले, साडेतीनच्या आसपास’. एवढं केलं की ४ ७/१२ असं उत्तर आल्यावर पोराला स्वतःलाच कळतं, सहाचे पाच करायचे राहिले.