गिरणगावच्या स्त्रिया आणि स्वातंत्र्यलढा
(स्नेहसंमेलनातील प्रमुख पाहुण्यांचे भाषण, लालबाग)

मुंबईतल्या स्त्रिया मोठ्या संख्येने रस्त्यावर उतरल्या त्या १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात. दांडीयात्रेला निघालेल्या पहिल्या तुकडीत एकही स्त्री नव्हती. मुंबईत मात्र कमलादेवी चट्टोपाध्याय आणि अवंतिकाबाई गोखले चौपाटीवर चुली पेटवून समुद्राचे पाणी आटवायला बसल्या. त्या मिठाच्या पुड्या शहरात विकल्या गेल्या. हाकेसरशी बायका जमल्या, कारण अवंतिकाबाई १९१८ पासून हिंद महिला समाज चालवत होत्या. पुढे परदेशी कापडाच्या आणि दारूच्या दुकानांपुढे देशसेविका पहारा देऊ लागल्या.

९ ऑगस्ट १९४२ ला नेते पकडले गेले, तेव्हा गवालिया टँकवर अरुणा असफअलींनी झेंडा फडकावला. त्याच महिन्यात उषा मेहता आणि त्यांच्या साथीदारांनी गुप्त काँग्रेस रेडिओ सुरू केला. पोलिसांना माग लागू नये म्हणून यंत्र या घरातून त्या घरात हलत राही. १२ नोव्हेंबरला धाड पडली आणि उषाताईंना चार वर्षांची शिक्षा झाली.

लालबाग-परळची कामगिरी याहून कमी माहितीची आहे. १९४३ मध्ये अहिल्या रांगणेकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी परळ महिला संघ उभा केला. १८ फेब्रुवारी १९४६ ला नौसैनिकांनी बंड पुकारले आणि २२ तारखेला त्यांच्या पाठिंब्यासाठी गिरण्या बंद पडल्या. त्या दिवशी परळमधल्या गोळीबारात संघाच्या कमल दोंदे ठार झाल्या, कुसुम रणदिवे यांच्या पायाला गोळी लागली. त्या दिवसांत शहरात दोनशेहून अधिक माणसे मेली.

ज्या पिढीने ही शाळा गिरणीच्या भोंग्यावर घड्याळ लावून गाठली, तिला हे पुस्तकाआधी चाळीच्या गॅलरीत कळले. त्यातून दहावीच्या मुलामुलींनी घ्यायचे ते एकच: घराजवळच्या एखाद्या संघटनेत, मंडळात, वाचनालयात रोजचे काम धरावे. सतरंज्या घालाव्यात, वर्गणीचा हिशेब ठेवावा, सभेला वेळेवर जावे. प्रसंगी उठून उभे राहणारी माणसे अशाच कामातून तयार होतात. मागच्या रांगेत मोबाइलवर असलेल्यांनाही हे लागू आहे.

पालकांत बसलेल्या आज्यांना १९७२ चा लाटणे मोर्चा आठवत असेल. महागाईविरोधातल्या त्या लढ्यात मृणाल गोरे यांच्याबरोबर अहिल्याताईच होत्या. १९७७ मध्ये त्या मुंबईतून लोकसभेवर निवडून गेल्या.